तुम्ही तिला काय म्हणायचात

आत्याबाई, तुम्हाला जाऊन पुष्कळ वर्षं झाली. आज भाकरी थापताना पुन्हा तेच मनात आलं, म्हणून तुमची सून लिहायला बसली. सुरतेत पर्वत पाटियाच्या आपल्या खोलीसमोर ओट्याखाली बसायची ती तांबडी कुत्री. एकादशीला आपण सगळे भगरीवर, पण तिच्यासाठी एक भाकरी तुम्ही टाकायचातच, बिनमिठाची. आजच्या दिवशी चुलीवर ज्वारी कशी, असं मी एकदा विचारलं, तर म्हणालात, उपास आपण धरलाय, तिनं कुठं धरलाय. इतकं करून कुणी विचारलं, की कुत्री तुमची का, तर देवाची आहे म्हणायचात. उंबऱ्याच्या आत तिला कधी घेतलं नाहीत.

ज्या वर्षी प्लेगला भिऊन निम्मी सुरत गावी पळाली, त्याच्या आदल्या हिवाळ्यातली गोष्ट. तिची पिल्लं कापडाचे गठ्ठे नेणाऱ्या टेम्पोंखाली गेली, एकही उरलं नाही. ती रात्रंदिवस हिंडत, रडत राहिली, आणि चाळीतल्यांनी ठरवून टाकलं, पुन्हा व्याली तर हिलाच पोत्यात घालून सचिन गावाच्या पलीकडे सोडून यायचं. मग एका सकाळी पूजा आटोपून म्हणालात, चल, दवाखान्यात जायचंय. मला वाटलं, गुडघे दुखत असतील. बाहेर येऊन बघते तर तुमच्या हातात सुतळी, आणि सुतळीच्या दुसऱ्या टोकाला ती.

जनावरांचा तो धर्मादाय दवाखाना अजून डोळ्यांसमोर आहे. फिनेलचा वास, एक लंगडी गाय, आणि भिंतीवर पाटी: भटक्या जनावराचं ऑपरेशन फुकट, पाळलेल्याचे पैसे पडतील. तुम्हाला वाचता येत नव्हतं, मी वाचून दाखवलं आणि वर कोपरानं ढोसलंही. मूठभर कोथिंबीर फुकट घेतल्याशिवाय भाजीवाल्याला न सोडणाऱ्या तुम्ही. मला खात्रीच होती, भटकी म्हणूनच सांगणार.

कंपाउंडरनं गुजरातीत विचारलं, "कूतरी कोनी छे, बा?"

तुम्ही म्हणालात, "मनी शे."

माझी आहे. आपली अहिराणी त्याला बरोब्बर कळली. तुम्ही कमरेचा बटवा सोडला. मी मात्र तुमच्याकडे बघत राहिले. कधीपासून हो? मला अजून कळलेलं नाही, की देवाची असलेली ती त्या एका घटकेत तुमची झाली, की आधीपासूनच होती आणि आम्हालाच सांगायचं नव्हतं. पुढे त्यानं तिचं नाव विचारलं. तेवढ्यात मी तिच्यासाठी पाणी आणायला नळावर गेले होते. परत आले तेव्हा तो हसत होता आणि तुम्ही पदर सावरत होतात. काय सांगितलंत, विचारलं, तर म्हणालात, पाणी सांडू नको.

तिला घरी आणली ती रिक्षातून. लेकीच्या बाळंतपणालाही चालत गेलेल्या तुम्ही. तिचं डोकं तुमच्या मांडीवर. मी विचारलं, आत्याबाई, देवानं दिलेली कूस बंद केली, पाप लागेल का हो?

"लागलं तर मला लागेल," तुम्ही म्हणालात. "मनी शे म्हटलं ना."

टाके चाटू नये म्हणून तुम्ही तिला तुमचं जुनं पोलकं चढवलंत आणि मोरीजवळ गोधडी घातलीत, उंबऱ्याच्या आत. शेजारच्या काकी दारातून म्हणाल्या, वहुला नवी साडी नाही नि कूतरीला पोलकुं. तुम्हीही हसलात. पोत्याची भाषा मात्र त्यानंतर कुणी काढली नाही.

तुमच्यामागं ती बरीच वर्षं जगली. भाकरी मी घालायची, पिसाळू नये म्हणूनची सुईही चुकवली नाही. पण हाक मारली की यायची नाही. तांबडे म्हटलं, राणी म्हटलं, तुमच्या माहेरच्या सगळ्या नावांनी बोलावून पाहिलं. पहाटे ओट्यावर बसून तुम्ही तिच्याशी बोलायचात ते मला आतून ऐकू यायचं, शब्द नाही, नुसता सूर.

पाठवायचं नाहीच, म्हणून सांगून टाकते. एकदा घरात कुणी नसताना मी तुमच्या त्याच सुरात, काहीबाही बोलून, तिला हाक मारली होती. तिनं कान टवकारले, उठली, उंबऱ्यापर्यंत आली. मग माझ्याकडे पाहिलं, आणि माझ्या मागं, खोलीत, कितीतरी वेळ बघत राहिली.