जपानला माझं उत्तर

३ ऑगस्ट, रविवार
मयूराने युनीसाठी, म्हणजे विद्यापीठासाठी, निबंधाचा विषय घेतलाय: जुन्या जपानी टीव्ही-कार्टूनचा आजवरचा प्रभाव. म्हणे मोठाले डोळे, थांबलेलं चित्र, नुसते हलणारे ओठ, सगळं तिथूनच आलं. मी म्हटलं, मला शिकवू नकोस. आम्ही दूरदर्शनवर बघायचो ते कार्टून अस्सल भारतीय! सगळे हिंदीत बोलायचे, गाणंसुद्धा हिंदी. ती म्हणाली, बाबा, प्लीज. पोटची पोर आणि बापावर विश्वास नाही. आता रोज पहाटे पाचला उठून अभ्यास.

४ ऑगस्ट
ऑस्ट्रेलियातला ऑगस्ट म्हणजे ऐन हिवाळा. पहाटे आमच्या टूनगॅबीत चार डिग्री. उद्यापासून.

९ ऑगस्ट
मंडळाच्या गणपतीत माझं व्याख्यान पक्कं! ‘भारतीय कार्टूनने जगाला काय दिलं’. सेक्रेटरी श्रीनिवासने आरती आणि महाप्रसादाच्या मधली दहा मिनिटं दिली. मोक्याची वेळ. जेवल्याशिवाय उठणार कोण? मयूराला पहिल्या रांगेत बसवणार. कळू दे बाप काय चीज आहे ते.

१७ ऑगस्ट
अभ्यास जोरात. (काल नाही. टीव्हीवर फूटीची मॅच होती.) बायको विचारते, पुस्तकं कुठायत? पद्माला कसं समजावू, मीच रेफरन्स आहे.

२९ ऑगस्ट, आर्व्हो (म्हणजे दुपार)
नेटवर जुना भाग सापडला! दोन मिनिटं बघितला, डोळे भरून आले. गाणं हिंदीच. मयूरा म्हणाली, एकदा शेवटपर्यंत बघ. जळते, दुसरं काय.

३० ऑगस्ट, शनिवार
बोललो झकास. जपान्यांनी आपल्याकडून शिकावं, म्हटलं. टाळ्या. भाग लावला आणि टाळ्या घेण्याच्या नादात बंद करायचा राहिला. शेवटी नावं आली. सगळी जपानी. लहानपणी इथवर कधी पोचलोच नव्हतो, आई अंघोळीला ओढायची. श्रीनिवासने माइकवरून विचारलं, यातले आपले कोण? हॉलभर खिदळणं. मी म्हटलं, त्यांना नुसतं रंगवायचं काम दिलं असेल. मग महाप्रसादाची रांग लागली, सुटलो.
मयूरा मात्र हसली नाही. वहीत लिहीत होती. बापाचे मुद्दे उतरवून घेते! जिंकलो.

२२ सप्टेंबर, सोमवार
मयूराला हाय डिस्टिंक्शन. निबंध मागितला. नको म्हणत होती, मीच हिसकावला. दोन पानं अख्खी माझ्यावर! पद्माला बोलावून मोठ्याने वाचायला लागलो. नाव नाही, नुसतं ‘एक प्रेक्षक, वय ४५’. म्हणे प्रभाव किती खोल रुजतो बघा: या गृहस्थाने जन्मभर जपानी कार्टूनवर आपलं समजून प्रेम केलं, आणि पुरावा समोर दिसला तरी त्याला पटत नाही. पुढचं मनातल्या मनात वाचलं.
समासात प्राध्यापकांनी लिहिलंय: असा माणूस खरंच आहे, की तू रचलास?
तिने काय सांगितलं, विचारायचा धीर झाला नाही.