दाढीच्या डब्यातला ओपनर

बदलापूर, रवि. १० जाने. ८८

वस्तुस्थिती क्रमाने नोंदवते, म्हणजे पुढे कोणी उलटसुलट सांगायला नको.

एक : चि. मिलिंदसाठी आज उल्हासनगर कॅम्प पाचमध्ये मुलगी पाहिली. कु. नीलिमा, एम.कॉम., बँकेत नोकरी. दोन : कांदेपोह्यांऐवजी तिने स्वतः भाजलेला पाव पुढे केला, जाड तुकडे, वर लोणी. तीन : असा पाव मला आजवर साधलेला नाही. (हे फक्त इथे.) चार : मी तिथल्या तिथे होकार दिला.

होकार देताना थोडे बोलले. रसायनशास्त्र शिकवण्यात हयात गेली, बोलणे भागच होते. "पीठ रात्रभर संयमाने आंबवल्याखेरीज असा पाव होत नाही. यावरून मुलीचा स्वभाव कळतो." मुलीने मान खाली घातली. विनय आवडला. ह्यांना मात्र नेमका तेव्हाच ठसका लागला. तिसरा तुकडा चालू होता! परक्या घरी माणसाने आवरावे.

शुक्र. १५

पाव करून पाहिला. यीस्ट ताजे, पाणी कोमट (थर्मामीटर लावून), मैदा दोनदा चाळून. वीट झाली.

हे म्हणाले, "गॅलरीचं दार वाऱ्याने आपटतं, त्याला लावू या."

नीलिमाला बँकेत फोन करून रविवारी बोलावले. माझ्या ओट्यावर, माझ्या गोल ओव्हनमध्ये करून दाखव म्हटले; साखरपुड्याचा दिवसही तेव्हाच ठरवू. जरा घुटमळली. "काकू, नक्की तुमच्याकडेच करू?" संकोची आहे.

रवि. १७

अक्षर वाकडे येत आहे. येऊ दे.

तिने मैदा घेतला, बेकिंग पावडर, साखर, मीठ. मी विचारले, "यीस्ट?"

"यीस्ट नाही घालत, काकू." आणि पिशवीतून वर्तमानपत्रात गुंडाळलेली बाटली काढून ओट्यावर ठेवली. बिअर. माझ्या ओट्यावर. देव्हाऱ्याच्या समोर.

"शेजारच्या सिंधी दादींनी शिकवलं. हिच्यात गॅस असतोच, त्यामुळे आंबवत बसावं लागत नाही. त्या दिवशी सांगणार होते मी. पण तुम्ही संयमाबद्दल बोलायला लागलात..."

मी बाटली दोन बोटांनी देव्हाऱ्यासमोरून बाजूला सरकवली. ती शांतपणे म्हणाली, "ओपनर आहे का?"

"या घरात तसली वस्तू नाही. कधीच नव्हती." हे मी खरे मानून बोलले. आम्ही थंड पेयेसुद्धा आणत नाही. कोकम आणि पन्हे, बस्स.

तेवढ्यात ह्यांनी पेपर खाली ठेवला, आत गेले, दाढीचा डबा उघडल्याचा आवाज आला, आणि हे ओपनर घेऊन बाहेर आले. बाटली त्यांनीच उघडली. एका झटक्यात. फेसाचा थेंब सांडला नाही. सराव असल्याखेरीज इतके

पुढे लिहवत नाही.

(नंतर) मिलिंद खिडकीबाहेर बघत राहिला, जणू बाहेर मिरवणूक चालली होती. पाव झाला. उत्तम झाला. मी खाल्ला नाही. साखरपुड्याचा विषय कोणी काढला नाही. निघताना नी. पाया पडली. "काकू, खोटं बोलून नव्हतं यायचं मला या घरात. नकार असेल तर स्पष्ट सांगा. बाबांना मी समजावीन."

सोम. १८

नकाराचे पत्र लिहायला बसले. "ज्या घरात बाटली उघडली जाते, त्या घराशी आम्ही" इथे लेखणी अडली. कागद बदलला. पुन्हा तिथेच अडली.

हे मागे कधी येऊन उभे राहिले कळले नाही. "पाठव की. आणि मलाही त्यांच्याकडेच पाठवून दे. पाव तरी मिळेल."

मि. हसला. मग हसू आवरून म्हणाला, "आई, मला ती आवडली आहे. नुसते पोहे दिले असते ना, तरी आवडली असती."

दोघेही माझ्याकडे बघत होते. पत्र फाडले नाही. पुरेही केले नाही.

मंगळ. १९

तोंडी चर्चा बंद. कॉलेजला निघण्यापूर्वी ह्यांच्या बशीखाली चिठ्ठी ठेवली. नक्कल :

"ओपनर घरात केव्हापासून आहे? तो कुणाकुणासमवेत वापरला गेला? कॅम्प पाचमध्ये पहिल्या घासालाच तुम्ही चव ओळखली होती काय? ओळखली असल्यास, मी चारचौघांत संयमावर बोलत असताना मला थांबवले का नाही? ठसका हा खुलासा मानला जाणार नाही. नीलिमाच्या वडिलांना काय कळवायचे, ते या उत्तरावर ठरेल. 'बघू', 'अगं, जाऊ दे ना' ही उत्तरे नव्हेत. संध्याकाळी मी घरी परतण्यापूर्वी लेखी उत्तर, सहीनिशी, मिळावे."