परवाची घडी

धाकट्या चंद्राची ३

फुटला! ज्या दिवशी फुटायला हवा त्याच दिवशी. परवा सकाळी हा पेला गुंजभर हलका भरला होता. आज धुवायच्या पाण्यात आपोआप दुभंगला. आपटला नाही, हातातून निसटला नाही — बायकोला दोनदा विचारून घेतलं. अकरा वर्षांतली एकेचाळिसावी नोंद.

कालगृहातले पंडित अजून तेच घोकतात: थोरल्या चंद्रातून काळ गळतो आणि धाकट्यात साठतो. गळतो म्हणे! काळ म्हणजे काय गच्ची आहे? माझं म्हणणं असं, की काळ घडी घातलेल्या कापडासारखा आहे, प्रत्येक घडी दोन दिवसांची. काल आणि उद्या हे आजचे नुसते शेजारी. आज टेकलेला असतो परवावर — गेलेल्याही, येणाऱ्याही. शब्द एकच, कारण अंतर एकच. म्हणून परवा होणारी इजा आजच झिरपते, आणि वस्तू वजनात उतरते.

मी तराजू दुरुस्त करणारा. शाळा चौथीपर्यंत. मुख्य पंडित मला ‘तराजूवाले’ म्हणतात, तेही मिशीत हसत. पण अखेर अट घालावी लागली त्यांना! आठ तारखेला हलकी भरलेली एक वस्तू आणायची. ते ती कुलपात ठेवतील. परवा फुटली, तर सिद्धान्त माझ्या नावाने भिंतीवर कोरतील. नाही फुटली, तर पुन्हा पायरी चढायची नाही.

धाकट्या चंद्राची ४

घरातली त्रेसष्ट भांडी तोलली. सगळी पुरेपूर. नेहमीप्रमाणे मांडणीवर ठेवली. एखादं हलकं भरलं तर त्याला दुसऱ्या दिवशी हात लावायचा नाही, हा नियम मी अकरा वर्षांत एकदाही मोडू दिलेला नाही. शास्त्र म्हणजे शिस्त.

बायको म्हणाली, न्हाणीघराची कडी परवा बसवतो म्हणाला होतात, ती तुमची कुठली परवा? आणि स्वतःच हसली. मी हसलो नाही.

धाकट्या चंद्राची ५

काही नाही. काटा हलायला तयार नाही.

धाकट्या चंद्राची ६

आजही नाही. खोलीत येरझारा घालून घालून पाय दुखले. दुकान उघडलंच नाही. एक गिऱ्हाईक दार वाजवून गेलं, वाजवू दिलं. घरात एकही भांडं फुटणार नसेल, तर मी भिकारीच की! जेवताना बायकोने वाढायला उशीर केला म्हणून तोंडाला येईल ते बोललो. ताट उचलताना ती म्हणाली, ‘नावच हवंय ना भिंतीवर? मिळेल.’ तिला काय कळतंय यातलं.

धाकट्या चंद्राची ८, सकाळी

मिळाला! निळा वाडगा — दीड गुंज कमी! तीनदा तोलला. वजनं पुसून पुन्हा तोलला. दीडच.

बायकोला हाक मारून काटा दाखवला. बरं झालं म्हणाली, पण चेहरा उतरलेला. मग भलतंच विचारलं — तिथे तो कुणी धुणार का? म्हटलं, अगं, कालगृह आहे ते, मोरी नाही. कुलपात राहील. त्यावर ती काहीतरी बोलणार होती, पण मला वाडगा गुंडाळायला मऊ फडकं शोधायचं होतं.

धाकट्या चंद्राची ८

दुपारी वाडगा दिला. काचेचं कपाट, दोन कुलपं, एक किल्ली माझ्याकडे. मुख्य पंडित म्हणाले, परवा बघू, तराजूवाले. आज पहिल्यांदा हसले नाहीत.

धाकट्या चंद्राची ९

भिंतीवरच्या मजकुराचा मसुदा सात वेळा केला. नावाआधी ‘स्वशिक्षित’ हवं की नको? बायकोने दोनदा हाक मारली, अहो, जरा बसा, बोलायचंय. उद्या बोलू म्हटलं.

धाकट्या चंद्राची १०

वाडगा अख्खा. सूर्य मावळेपर्यंत कपाटासमोर उभा राहिलो. मुख्य पंडितांनी वाडगा परत दिला आणि दारापर्यंत सोडायला आले. त्यापेक्षा हसले असते तर बरं झालं असतं.

घरी आलो. बायकोने माझ्या हातातून वाडगा घेतला, पाण्यात बुडवला, बोटांनी जरा चोळला, आणि दोन तुकडे माझ्यासमोर ठेवले. कडेला डिंक.

‘हातून पडलं की कपची उडते, ती सापडत नाही, म्हणून हलकं भरतं,’ ती म्हणाली. ‘एक दिवस हात लावायचा नाही हा तुमचाच नियम. मग परवा धुवायला घेते आणि सुटतं.’

मी विचारलं, सगळी एकेचाळीस?

‘सगळी. तुम्ही ओरडाल म्हणून चिकटवत आले. हा एक मात्र मुद्दाम फोडला. तुमची घालमेल बघवेना.’

एवढा ओरडतो का मी, असं विचारलं. ती तुकडे पुसत राहिली.