खांदा बसवणारा दादा

मुंबई, १९६१

देवजीदादा,

इस्पितळातून डाव्या हाताने लिहितोय, उजवा छातीशी बांधलाय.

जाळं ओढताना माझा खांदा पहिल्यांदा निखळला, तेव्हा डहाणूच्या किनाऱ्यावर तू बगलेत टाच रोवून तो बसवलास. सगळ्यांनी वाहवा केली. मग दर वेळी तो निखळला की तू आधी माणसं गोळा करायचास, नंतर माझा हात धरायचास. डॉक्टरचं नाव काढलं की खेकसायचास, "मी मेलोय काय?"

इथले डॉक्टर म्हणाले, खोबणीची कडच फाटली होती, खांदा टिकणार कसा? आता ती शिवलीय.

हे पत्र टाकणार नाही. तुला वाचता येत नाही. ते वाचून घ्यायलाही तू माणसं गोळा करशील.

तुझा तमाशा,
चंदर