कोलंबोत, बाजूची सीट रिकामी

१० जानेवारी, शुक्रवार. जहाजावर

पाण्यावर झोपले! आणि बुडाले नाही.

रात्रभर कुणीतरी झोळी हलवतंय असं वाटत होतं. प्रसेनजित लहान होता तेव्हा वावरात बाभळीला झोळी बांधून त्याला टाकायची. तो इतका गप्प कसा पडून राहायचा, ते आज कळलं. डोळे उघडले तर गोल खिडकीत नुसता निळा रंग. गावी मेडशीला खिडकी उघडली की शेजारच्या रुख्मिणीच्या गोठ्याची भिंत!

काल चेन्नईला चढताना हे म्हणाले, "येवढं लोखंड पान्यावर राह्यते कसं?" आणि कठड्याला आधी बोटाच्या मागच्या बाजूनं शिवून पाहिलं, करंट तर नाही! जन्म गेला वीज मंडळात. लाइनमन. रिटायर झाले, पण हात अजून तसेच.

ही सहल प्रसेनजित आणि सपनाची भेट. पोरगा आणि सून दोघं पुण्याला नोकरीत. "आई, तुला लंका पाहायची होती ना? जहाजानं जा. बाबांनाही बरं वाटेल." खरं तर बाबांसाठीच. दोन वर्षांपूर्वी रिटायर झाल्यापासून माणूस सतत कावलेला. पूर्वी वादळवारं, वावधन सुटलं, कुणाच्या लग्नात लाईट गेली, की दारात हाक — "माणिकराव, चला!" आता कोणी येत नाही. मग टीव्हीवर ओरडतात, माझ्यावर ओरडतात, कुकरच्या शिट्टीवर ओरडतात.

लंका मात्र माझीच. अंगणवाडीत नोकरीला होते तेव्हापासूनचं स्वप्न. गावच्या विहारात दर रविवारी मी बायांची वंदना घेते. हे बाहेर, चपलांपाशी उभे. बल्ब गेला तर आत येतात, लावतात, जातात.

११ जानेवारी

पाणी. पाणी. पाणी.

ह्यांनी आज टीव्ही लावला नाही.

१२ जानेवारी, रविवार

जहाजावर गाणी, नाच, जिथे जावं तिथे खायला. आणि हे सगळं सोडून सकाळपासून वरच्या मजल्यावर कठड्याला टेकून उभे.

"काय पाहून राह्यले?"

"काई नाई."

"मंग?"

"तेच त. काईच नाई. एक खांब नाई, एक तार नाई."

मला हसू आलं. ते हसले नाहीत. वाऱ्यानं शर्ट फुगलेला, कपाळावरच्या आठ्या कुठे गेल्या कोण जाणे. लग्नाच्या फोटोतलं तोंड! मी बाजूला उभी राहिले. किती वेळ, माहीत नाही. पाण्याकडे पाहत राहिलं की आपण उभे आहोत की पाणी उभं आहे, कळत नाही.

उद्या कोलंबो. जहाज आम्हाला तिथेच सोडणार. मग गाईडबरोबर बसनं शहर पाहायचं, हॉटेलात मुक्काम, विमानानं चेन्नई. पांढरी साडी वर काढून ठेवली. उद्या पौर्णिमा आहे, पोराला ठाऊकही नसेल!

१३ जानेवारी, सोमवार. पौर्णिमा. कोलंबो

जमीन हलते! धक्क्यावर पाय ठेवला आणि जमीनच डोलायला लागली. ह्यांचा दंड धरला.

"तुमाले बी होऊन राह्यलं?"

"हो."

"मंग बोलत काहून नाई?"

"बरं वाटून राह्यलं."

बस काचेची, थंडगार. गाईडबाई माझ्याच वयाची, पांढऱ्या साडीत, कमरेशी निऱ्यांची झालर, हातात लाल छत्री. नाव कुसुमा. "कुसुम! अनसिंगच्या माझ्या मावशीचं नाव!" मी मराठीतच बोलून गेले. तिला काय कळलं देव जाणे, पण हसली. हिंदी तिला टीव्ही पाहून आलेली. म्हणाली, "दीदी, आज पोया है. पूर्णिमा. आज दुकान बंद, मन खुला."

आणि खरंच, सगळं शहर पांढरं! म्हाताऱ्या, बाप्ये, कडेवरची लेकरं, सगळी पांढऱ्या कपड्यांत, हातात कमळं. समुद्राच्या काठचा लांबच लांब रस्ता. उंच इमारती. लाल-पांढऱ्या पट्ट्यांची एक मशीद, बत्ताशांची केल्यासारखी. कुसुमा सांगत होती, मी अर्धंच ऐकत होते. काचेपलीकडे सगळं आवाजाशिवाय सरकत होतं, आणि थोडं थोडं डोलत होतं.

खिडकीची सीट ह्यांची. एसटी असो, जीप असो, खिडकी त्यांचीच. आधी तारा पाहत होते. "लाइन बरी ठेवली बावा ह्यांनी." मग तेही थांबलं.

केलानियाचं विहार. पांढरा स्तूप. कुसुमा म्हणाली, धान्याच्या राशीसारखा. खरंच तसा, खळ्यावर मापायच्या आधी असते तशी रास! चपला बाहेर काढल्या. आत वाळू. बोधिवृक्षाखाली शेकडो माणसं वाळूवर बसलेली, दिवसभराचं शील, म्हणजे व्रत, घेतलेली. कुणी माठानं पाणी आणून झाडाला घालतंय. इतकी माणसं आणि इतकी शांतता मी पाहिली नव्हती.

एका म्हातारीनं मला कमळ दिलं. पाकळ्या बाहेरच्या बाजूला कशा दुमडायच्या, ते बोटं धरून दाखवलं. तिची भाषा मला नाही, माझी तिला नाही. तेवढ्यात भोंग्यावर त्रिसरण सुरू झालं. माझं तोंड आपोआप उघडलं. तेच शब्द! चाल वेगळी, जरा ओढलेली, पण शब्द तेच. मेडशीला टिनाखाली आम्ही मूठभर बाया म्हणतो, तेच इथे सगळं अंगण म्हणत होतं. म्हातारीनं चमकून पाहिलं. तिनं माझा हात दाबला. मी रडले. मोठ्यानं रडले. लाज नाही वाटली.

डोळे पुसून पाहते तर हे कुठे? चपलांपाशी नाहीत. फाटकाशी नाहीत. आणि मग दिसला चौकड्यांचा शर्ट, पांढऱ्या कपड्यांतल्या माणसांत, झाडाच्या कठड्याजवळ. मांडी घालून. हात मांडीत, एकावर एक. स्वस्थ!

बसनं हॉर्न दिला. मी जवळ जाऊन वाकले. "चला. बस निघाली."

"तू जाय."

"म्हंजे?"

"मी बसतो अंजना. तू शहर पाहून ये."

"अवो, परका देश हाये! हरवान कुठं!"

डोळे उघडले नाहीत. हळूच म्हणाले, "कोनी बोलावून नाई राह्यलं मले. तरी बरं वाटून राह्यलं."

कुसुमा आली. मला वाटलं आता ओरडणार. ती त्यांच्याकडे नुसती पाहत राहिली. म्हणाली, "रहने दो दीदी. यहाँ कोई खोता नहीं. शाम को बस इधर से ही जाएगी." बाजूच्या म्हाताऱ्याला तिनं आपल्या भाषेत काही सांगितलं. त्यानं मान हलवली.

मी गेले. खरंच गेले! आणि खिडकीशी बसले.

आधी बाजूची रिकामी सीट टोचत होती. मग तिच्यावर पर्स ठेवली. मग पदर मोकळा सोडला. मोठमोठ्या झाडांचे रस्ते, वर फांद्या एकमेकींत गेलेल्या, उजेड हिरवा. शहराच्या मधोमध तळं, तळ्यात पाण्यावर उभं एक विहार, आणि पाण्यात पांढरे पक्षी, चोचीखाली पिशवी लोंबणारे. पुलावरून चालताना पुन्हा डोललं सगळं. मी कठड्याला धरून उभी राहिले आणि थांबायची घाई केली नाही. गाडीवरचं आइस्क्रीम घेतलं. कुणाला विचारलं नाही. हातावर ओघळलं, तसंच चाटलं!

कुसुमा म्हणाली, "अकेले अच्छा लगता है, दीदी?"

"पता नहीं. पहली बार है."

परत आलो तेव्हा स्तूपाच्या बाजूनं चंद्र वर आलेला. हे तिथेच. खांद्यावर कुणीतरी दिलेलं पांढरं कापड.

"जेवले?"

"जेवलो. लोकाईनं देल्लं."

बसमध्ये माझी पर्स उचलून माझ्या मांडीवर दिली आणि बाजूला बसले. खिडकी मागितली नाही.

१५ जानेवारी

विमानातून खाली ढग. हे डोळे मिटून. झोपलेले नव्हते.

१७ जानेवारी, शुक्रवार. मेडशी

अकोल्याहून एसटीनं घरी. अजून डोलतेच आहे! भाकर थापते तर चूल डोलते.

रुख्मिणी आली. "काय वं, समुद्र पाह्यला? भाऊजी असे गुमसुम काहून? जहाज लागलं का?" मी लंका सांगत सुटले. कमळ, म्हातारी, तळं, सगळं. हे उठून वावरात तूर पाहायला गेले.

आज कुकरची शिट्टी झाली. कोणी ओरडलं नाही. मी मुद्दाम अजून एक होऊ दिली.

१९ जानेवारी, रविवार

विहारात आत आले! मागच्या रांगेत बसले. बाया गाथा विसरल्या, माना वळवून पाहायला लागल्या. मी खाकरले तेव्हा कुठे गाडी रुळावर आली.

येताना दोघं बरोबर चाललो. नाहीतर हे नेहमी पुढे, मी मागून. वाटेत बोरं तोडून माझ्या हातावर ठेवली. नव्यानं लग्न झाल्यासारखं वाटलं. ह्या वयात! प्रसेनजितला फोन करून सांगितलं — तुझे बाबा बरे झाले. जहाजानं बरे झाले.

२५ जानेवारी, शनिवार

तूर सोंगत होतो. दुपारी धुऱ्यावर, बांधाच्या कडेला भाकर खायला बसलो. ह्यांनी शिदोरी सोडलीच नाही.

"अंजना, तुले एक विचारतो. नाई म्हनशीन त नाई."

"विचारा ना."

"मले चीवर घ्यायचं हाये."

मला वाटलं दहा दिवसांचं भिक्खू व्हायचं शिबिर. किती जण करतात. मुंडन, भगवं, पुन्हा घरी. म्हटलं, "घ्या की. चांगलं हाये."

"शिबिरातलं नाई. कायमचं."

तूर डोलत होती. खरीच, वाऱ्यानं.

"मी काय केलं?" पहिलं हेच आलं तोंडात.

"तू काई नाई केलं."

"मंग मले काहून सोडून राह्यले?"

ह्यांनी काडीनं मातीत रेघा ओढल्या. "जलमभर लोकाच्या घरी उजेड पाडाले धावलो. कोनी हाक मारली, की मी हाओ. हाक बंद झाली त वाटे, आपुन मेलो. तिथं झाडाखाली बसलो न, कोनाले माह्यं काई काम नोतं. तरी मी होतो."

"हे घरी बसून नाई होत?"

"दोन वर्स पाह्यलं ना तू. होते का?"

मी शिदोरी सोडून त्यांच्यापुढे भाकर ठेवली.

"विहारात येतात ते भंतेजी म्हनले, घरच्या मानसाची परवानगी पाह्यजे. तू नाई म्हनलं त मी घरीच. रुसनार नाई."

रुसणार नाहीत, हे खरं. हेच वाईट! नाही म्हणायला जागा ठेवली, भांडायला नाही ठेवली.

२६ जानेवारी

स्वप्न माझं होतं! विहार माझं, गाथा माझ्या, लंका माझी. रडले मी. आणि बोलावणं आलं ते ह्यांना!

दिवसभर बोलले नाही. जेवण वाढून ठेवलं. स्वतःचं ताट स्वतः घासून पालथं घातलं त्यांनी.

२८ जानेवारी

प्रसेनजितचा फोन. "आई, बाबांना इकडे घेऊन ये. डॉक्टरला दाखवू. रिटायरमेंटनंतर होतं असं." रुख्मिणी म्हणते, "पाय धरून बसव त्याईले. लोक म्हनतीन, बायकोनं हाकललं."

मग सपनानं फोन घेतला. वाशीमची पोर, पुण्यात राहूनही माझ्याशी आपलंच बोलते. "आई, बाबाले काय पाह्यजे ते समजलं. तुमाले काय पाह्यजे? कोनी विचारलं का?"

नाही विचारलं कोणी. मीही नाही.

२ फेब्रुवारी, रविवार

कोणाला सांगितलं नाही ते इथे लिहिते. त्या दिवशी बसमध्ये, तळ्यापाशी, पुलावर, मला ह्यांची आठवण आली नाही. एकदाही नाही. परतताना बस त्या रस्त्याला वळली तेव्हा आली.

आज ओसरीत बसून त्यांच्याकडे पाहिलं. तुरीच्या पोत्यांची तोंडं शिवत होते. केस किती पांढरे झाले. ताप आला की माझा हात शोधणारा माणूस. मी नसले की घरात साखर न सापडणारा माणूस. तिकडे कोण देईल साखर?

मग लक्षात आलं. साखर लागणारच नाही.

९ फेब्रुवारी

बुधवारी पौर्णिमा. भंतेजी उत्तर मागतील. ह्यांनी एका शब्दानं विचारलेलं नाही. वावरातून तुरीचा भुसा, कुटार आणून कोठ्यात भरून टाकलं, माझ्यासाठी वर्षभराचं सरपण फोडून रचलं, अंगणातली लाइट नवीन करून दिली. मी पाहत होते आणि पाहत नव्हते.

उद्या सांगते, मनाशी म्हटलं.

२३ फेब्रुवारी, रविवार

सकाळी तीन भंते दारात आले. पात्र धरून, नजर खाली. पौर्णिमेला विहारात सगळ्यांसमोर मी "माझी परवानगी आहे" म्हटलं, त्यानंतर ह्यांना आजच पाहिलं.

तिसरं पात्र ह्यांचं. त्यात मी भात वाढला, वर तुरीचं वरण. "सुखी होवो," म्हणाले. मी वाकून "वंदामि भंते" म्हटलं.

मग ते रुख्मिणीच्या दारापुढे जाऊन उभे राहिले. तसेच.