पंधरा वर्षांची अट

३ नोव्हेंबर, सोमवार
प्राचार्यपदाची जाहिरात एकदाची आली. तीन वर्षं ‘प्रभारी’ म्हणून या खुर्चीत आहे. काम सगळं प्राचार्यांचं, पाटी तात्पुरती. अटी त्याच: पीएच.डी., शोधनिबंध, कॉलेजात पंधरा वर्षं शिकवल्याचा अनुभव. माझा त्याच्या दुप्पट होत आला. नियमात मी कुठेच अडकत नाही. अर्ज करणार. ह्यांना सांगितलं. म्हणाले, “म्हणजे आता घरातही परिपत्रकं निघणार.” निघतीलच.

४ नोव्हेंबर
वाणिज्य विभागाचे सावंत केबिनमध्ये आले. तेही अर्ज करताहेत. मला दुसऱ्याकडून कळू नये म्हणून स्वतः सांगायला आले. आवडलं. शिकवतात उत्तम, मुलं त्यांच्या तासाला बसतात. राग नाही ना, विचारत होते. म्हटलं, राग कसला, मुलाखतीला भेटू.
मग अनुभवाचा दाखला मागितला. तो प्राचार्यांच्या सहीने लागतो, म्हणजे माझ्याच. प्रतिस्पर्ध्याचा दाखला मी द्यायचा, आणि माझा संस्थेचे सचिव पाटणकर देणार. चांगली व्यवस्था!

५ नोव्हेंबर
दाखला करायला घेतला आणि थांबले. मधली दोन वर्षं सावंत इथे नव्हतेच. संस्थेच्या कल्याणच्या शाळेला मुख्याध्यापक नव्हता, म्हणून त्यांना तिकडे नेमलं. नाही म्हणायची सोय नव्हती. पण शाळेतला काळ इथे धरत नाहीत. ती दोन वर्षं वगळली की त्यांची पंधरा भरत नाहीत.

६ नोव्हें.
पाटणकरांचा फोन. सावंतांना ‘सलग सेवा’ लिहून द्या म्हणाले. बिचारा संस्थेसाठीच गेला होता वगैरे. मग आवाज मऊ करून, “तुमचाही दाखला माझ्या टेबलावरच आहे, मॅडम. दोन्ही एकदमच करून टाकू.”
कळलं. संस्थेला सावंत हवेत. लिहिलं तर माझी मुलाखत नावापुरती. नाही लिहिलं तर सगळे म्हणणार, बाईंनी आपली वाट मोकळी करून घेतली.

७ नोव्हें., शुक्र.
कॉलेजला येताना माजिवड्याच्या नाक्यावर रिक्षा अडकली आणि तिथे बसल्याबसल्या आठवलं. त्या दोन वर्षांत तृतीय वर्षाला कॉस्टिंगचा विषय शिकवायला कुणी नव्हतं. सावंत डोंबिवलीच्या घरून निघून सकाळी पहिला तास इथे घ्यायचे, मग उलटे कल्याणला शाळेत. मानधन नाही, आदेश नाही. आमच्या संस्थेची जुनी रीत. माणूस एका जागी नेमायचा, राबवायचा दोन जागी, आणि दुसरीकडचा कागद करायचा नाही.
वेळापत्रक तेव्हा मीच लावायचे. ते शिकवत नव्हते, असं मी कशी लिहू?

८ नोव्हें.
सावंतांना बोलावलं. सांगितलं, नेमणूक शाळेत होती हे लिहीन. पहिला तास इथे घेत होता, हेही लिहीन. ‘सलग सेवा’ लिहिणार नाही.
“मग मी छाननीतच उडणार.”
“ते छाननी समिती ठरवेल.”
“आणि तुम्ही एकट्या उरणार, मॅडम.”
आवाज चढवला नाही, म्हणून जास्त लागलं. दारापाशी जाऊन वळले. “ते तास तुमच्या लक्षात आहेत, हे मात्र...” आणि गेले.

१० नोव्हें., सोम.
दाखला ठरवला तसाच लिहिला. सही, शिक्का. प्रत पाटणकरांकडे. दुपारी त्यांचा निरोप आला की माझ्या दाखल्यावर सही करायला सध्या सवड नाही. अर्जाची मुदत परवापर्यंत.
हे म्हणाले, “दोन शब्द लिहून टाकले असतेस तर कुणाचं काय गेलं असतं?”
खाली सही माझी असते, म्हटलं. मग त्यांनी चहा ठेवला. आलं जास्त झालं होतं. प्यायले.

१२ नोव्हें.
दाखल्याविना अर्ज दिला. नेमणुकीचे सगळे आदेश आणि विद्यापीठाच्या मान्यतेची पत्रं जोडली; वर लिहिलं, दाखला सचिवांकडे मागितलेला आहे, मिळालेला नाही. अर्ज परत करायचा तर कारण त्यांनी लेखी द्यावं. देऊन बघावं.
जिन्यात सावंत भेटले. माझाच दाखला जोडून अर्ज देऊन आलेले, एका अक्षराचा फरक न करता. मला वाटलं होतं, पाटणकरांकडून दुसरा घेतील. म्हणाले, “मॅडम, मुलाखती पुढच्या महिन्यात, पहिल्या सोमवारी. त्या दिवशी आपला दोघांचाही पहिला तास आहे.”
“बोलावलं तर.”
“हो. बोलावलं तर.”
केबिनमध्ये येऊन आधी ते काम केलं. दोन्ही वर्गांवर बदली शिक्षक लावून ठेवले.