सुधीन राय कोण होता

१४ जानेवारी १९६४, शारजा
कलकत्त्याहून हरिपदचं पत्र. माझा कॅमेरामन. इतक्या वर्षांनी. बंगाली बोलतो मी, वाचता येत नाही. इथल्या रोल्ला चौकात वडाखाली चाटगावचा दर्जी बसतो, त्याच्याकडून वाचून घेतलं. जुन्या मूक पिक्चरांची यादी छापणार आहेत. आमच्या पिक्चरपुढे दिग्दर्शक ‘कै. सुधीन राय’. हरिपद विचारतो, सुधीन राय म्हणजे रत्नागिरीचा हसन, हे सांगू का? तू हो म्हटल्याशिवाय बोलणार नाही.
दर्जी म्हणाला, "चाचा, ये हसन कौन?"
म्हटलं, था एक पहचानवाला.

१६ जाने.
जेवताना युसुफला सांगितलं. पोटचा लेक, पण त्यालाही आजवर ठाऊक नव्हतं. "अब्बा, जुबेदाचं ठरतंय. पुढची माणसं कडक आहेत. आजा सिनेमावाला कळलं की खलास. पोरीचा निकाह होऊ दे, मग लिहा."
त्याचं चूक नाही. नातीचा प्रश्न आहे. थांबतो.

२० जाने.
गलबतावर शिडं बांधत वाढलो. कलकत्त्याला बोटीवरचं काम सोडलं. तेव्हा शूटिंग उघड्यावर, उन्हाला आडवं पांढरं कापड. वारा सुटला की सगळ्यांची तारांबळ. मी ताणून बांधून दिलं, असा स्टुडिओत शिरलो. सहा वर्षांनी पिक्चर हाती आला. माझं नाव स्टुडिओच्या मालकाने बदललं, मी बदलू दिलं. एकच पिक्चर. पडला.
गावी मरियम सांगत फिरायची, नवरा बोटीवर आहे. माझ्या पत्रांत तसंच असायचं ना. ती गेली तेव्हाही तिच्या लेखी मी बोटीवरच. लाज वाटते ती याची, सिनेमाची नाही.

६ मार्च
निकाह झाला. जुबेदाच्या सासऱ्याने मिठी मारली. "बोटीवरचे जुने लोक, त्यांची बातच और." बिर्याणीचं ताट तसंच ठेवून उठलो.

९ मार्च
दर्ज्याकडून उत्तर लिहवलं. सांग सगळ्यांना, मीच तो. त्याने मशीन थांबवून माझ्याकडे पाहिलं. मग चहा मागवला, पैसे घेईना.

२ एप्रिल
हरिपदच्या मुलाचं पत्र. बाबा फेब्रुवारीत गेले. शेवटपर्यंत विचारत होते, शारजाचं उत्तर आलं का. यादी छापून झाली. तुमचं पत्र दाखवलं, तर लोक पुरावा मागतात.
पुरावा हरिपद होता. मी थांबवून ठेवला.

५ एप्रिल
जुबेदा माहेरी आली. चहा घेऊन जवळ बसली.
"आजा, बोटीवर तुम्ही काय करायचात?"
"शिडं बांधायचो."
खोटं नव्हे.
"कुठल्या बोटीवर?"
युसुफ दारातच उभा होता. त्याच्याकडे न बघता तिला म्हटलं, पेला खाली ठेव, सांगतो.